चंदगडच्या स्टँडवरचा नळ

दिन्या,

परवा तुझं रक्षाविसर्जन झालं. घाटावर गर्दी चांगली होती. तू असतास तर टाचा उंच करून बघितलं असतंस कोण कोण आलंय ते. आपल्याकडं राख गोळा करायच्या आधी माईक लागतो, तसा लागला. पाचसहा जण बोलले. मग ते निवृत्त प्राचार्य उठले, ज्यांना बघून तू कायम रस्ता बदलायचास. ते म्हणाले, “दिनकररावांचं मन किती विशाल होतं याची साक्ष म्हणजे त्यांचे मुस्लिम मित्र दस्तगीरभाई. पाहा, आज ते इथं डोळ्यांत पाणी घेऊन उभे आहेत.”

सगळ्या माना माझ्याकडं वळल्या. डोळ्यांत पाणी होतं, खोटं कशाला सांगू. ते जागच्या जागी आटलं. शेजारी आपल्या तालमीतला बंडा उभा होता. तो माझ्या कानाला लागला.

“ह्यो दस्तगीरभाई कोण रं आणि?”

“मी.”

“तू कवापासनं भाई झालास?”

बंडाला हसू आवरेना. त्यानं तोंडावर रुमाल धरला, लोकांना वाटलं रडतोय. मला मात्र हसू आलं नाही. चड्डीत होतो तेव्हापासून मी दस्त्या आहे. तालमीत दस्त्या, पेठेत दस्त्या, तुझ्या आईच्या तोंडात तर दस्तगिऱ्या. तुझ्या तिरडीला खांदा दिला तेव्हाही दस्त्याच होतो, हा खांदा कुठल्या धर्माचा हे कुणी विचारलं नाही. आणि तिसऱ्या दिवशी मी तुझ्या मोठ्या मनाचा पुरावा झालो. ह्यात त्या प्राचार्यांची चूक नाही. ते बिचारे तुझा शेवटचा माहितीपट बघून आले होते. हा मुस्लिम मित्र तू तयार केलास, लेका.

स्मरणिकेसाठी माझ्याकडं दोन पानं मागितली आहेत. मैत्रीवर लिहा, जिव्हाळ्याचं लिहा म्हणाले. जिव्हाळा आहे म्हणूनच तोंडात शिव्या येतायत. आता त्यांना छापायचं तर छापू दे, नाहीतर वडे गुंडाळू दे.

तू माहितीपट लिहायचास. कुणी दिग्दर्शक म्हटलं की चिडायचास. “मी लिव्हतो. बाकीचं सगळं दस्त्या करतोय,” म्हणायचास. बाकीचं सगळं म्हणजे माझा लग्नाच्या शूटिंगचा कॅमेरा. लग्नसराईत हळद, अक्षता, पाठवणी. आणि लग्नसराई संपली की तू. तुझा विषय आयुष्यभर एकच होता. माणूस कुठला, हे कोण ठरवतं? त्या एका प्रश्नापायी तू मला अख्ख्या जिल्ह्यात फिरवलंस. बरं, विचारायची तुझी रीतसुद्धा जगावेगळी. समोरच्याला कधी देश, हक्क, कागद असलं काही विचारायचा नाहीस. पहिला प्रश्न ठरलेला. “तुम्ही मेला तर मातीला कोण येणार?”

पहिल्यांदा ऐकला तेव्हा मला वाटलं आता आपण मार खातोय. पण माणसं रागावायची नाहीत. विचारात पडायची, बोटांवर नावं मोजायची, आणि मोजता मोजता सगळं सांगून टाकायची. चंदगडाकडच्या त्या सीमेवरच्या गावात सोप्यात बसून काजू फोडणारा म्हातारा आठवतो? बाहेर पाऊस असा, की माझ्या लेन्सवर बुरशी यायची बाकी होती.

म्हातारा म्हणाला, “पाऊस असला तर घरातली चार. उघडीप असली तर ह्या अंगाचा गाव बी येतोय आणि त्या अंगाचा बी.”

“आणि सरकार?” तू विचारलंस.

“कंचं?”

तू इतका हसलास की म्हातारा घाबरला. आणि उचगावच्या पलीकडं माळावर पालं ठोकून राहिलेली ती बाई. तिला ना गाव, ना घर, ना कसला दाखला. तिनं तुझा प्रश्न ऐकला आणि कमरेवर हात ठेवून म्हणाली, “तू येणार काय? येतो म्हण, उद्याच मरते.” उद्या नाही मेली, पण मेली तेव्हा तू गेलास. मला न सांगता गेलास, कॅमेरा न घेता गेलास. मला बऱ्याच दिवसांनी दुसऱ्याच कुणाकडून कळलं. त्या दिवशी वाटलं, ह्या माणसाबरोबर फुकट हिंडलो तरी चालेल. तू तसा होतास. म्हणून तर पुढचं सोसवत नाही.

आपल्या पेठेत वातावरण बिघडलं होतं, तो दिवस. सकाळीच पटापट शटरं पडली. मीही स्टुडिओचं शटर ओढलं आणि मागच्या दारानं वर घरी गेलो. दुपारी बायकोनं गच्चीवरून बघितलं आणि मला हाक मारली. खाली, माझ्या शटरसमोर, तू रस्त्यात खुर्ची टाकून बसला होतास. पायावर पाय, हातात पेपर. पोरांचा एक घोळका आला, तू चष्म्यावरून बघितलंस. “काय रं, काय पायजे?” एवढंच म्हणालास. घोळका पुढं गेला. संध्याकाळपर्यंत तू उठला नाहीस. मी वरून चहा पाठवला, तर साखर कमी पडली म्हणून परत पाठवलास.

त्या दिवसाचे उपकार मी कधी बोलून दाखवले नाहीत. आपल्यात ती पद्धत नव्हती. आता बोलतो. तू बसला होतास म्हणून मी त्या रात्री झोपलो.

पण शटरसमोर बसला होता तो माझा मित्र, आणि आठवड्यानं स्टुडिओत आला तो लेखक. येताना दोन कटिंग घेऊन आलास, तेव्हाच मला शंका यायला हवी होती. तू स्वतःहून कधी चहा आणला होतास?

“दस्त्या, ह्या टायमाला तू कॅमेऱ्याच्या म्होरं बसायचं.”

“का? माझं लगीन हाय काय?”

“नागरिकत्वावर करतोय. आपलं कोण, परकं कोण. तुझ्यासारखा माणूस पायजे.”

“माझ्यासारखा म्हंजे कसा?”

तू चहात बघायला लागलास. “तुला कळतंय मी काय म्हणतोय ते.”

“कळतंय की. पर तुझ्या तोंडनं ऐकू दे.”

जिल्ह्यातल्या लोकांना मरणाबद्दल बेधडक विचारणारा तू, तुझ्या तोंडातून तो एक शब्द निघेना. मग माझं डोकं फिरलं. “माझ्या आज्याचा आजा ह्या गावात पुरलाय, आणि तू मला इच्यारतोस मी हितला हाय का म्हणून?”

आणि तुझा चेहरा उजळला! खरंच उजळला. टेबलावर थाप मारलीस. “हेच! आत्ता बोललास तसंच बोल कॅमेऱ्यापुढं!”

दिन्या, तो कप मी तुझ्या डोक्यात घालणार होतो. मी भांडत होतो, आणि तू त्यात जमेल तसा तुकडा शोधत होतास. मी विचारलं, “तुझा आजा कुठं जाळला, हे तू कुणाला सांगत फिरलास काय? मग माझा कुठं पुरला, हे मी का सांगू?” तू म्हणालास, “अरं पण लोकांना कळाय पायजे.” मी म्हटलं, “असं कर. तू बस हितं. मी इच्यारतो. दिनकरराव, हा देश तुमास्नी आपला वाटतोय काय? सांग.”

“मला इच्यारून काय उपेग? मला कोण इच्यारतंय?”

“झालं तर मग.”

तू अर्धा चहा तसाच ठेवून गेलास. त्यानंतर पुण्याचा कॅमेरामन आणलास. मलकापूरकडच्या एका म्हाताऱ्या हकीमांना बसवलंस, आणखी दोघातिघांना बसवलंस. मला वाईट वाटलं, पण म्हटलं ठीक आहे, त्याचा सिनेमा, त्याचं तो बघेल.

पहिल्या खेळाला बायकोला घेऊन आलो. मागच्या रांगेत बसलो. सिनेमा चांगला होता, तुला शिव्या देताना हे विसरत नाही. आपल्या तालमीतला पीर होता त्यात, आणि तुझी आई मोहरमला गोड चोंगे करायची ते. त्यावर निवेदन आलं, ‘सलोख्याची वीण’. मी बायकोकडं बघितलं. आम्ही त्याला चोंगं म्हणत होतो. गरम असताना खात होतो आणि तुझी आई पाठीत धपाटा घालत होती, पिराला दाखवायच्या आधी खाल्लं म्हणून.

आणि मग तो नळ आला.

चंदगडच्या एसटी स्टँडवरचा नळ. एक माणूस वाकून तोंड धुतोय. कोपरापर्यंत हात धुतोय, चूळ भरतोय, मानेवर पाणी घेतोय. मागं कुठूनतरी अजानचा आवाज. आणि निवेदन करणाऱ्या बाईंचा जड आवाज, “हा माणूस याच मातीतला. तरीही रोज त्याला सिद्ध करावं लागतं, की तो इथलाच आहे.” पुढच्या रांगेत कुणीतरी च्च च्च केलं.

तो माणूस मी होतो.

अजान तिथं नव्हती, दिन्या. तिथं ‘गडहिंग्लज गाडी फलाटावर लागली आहे’ एवढंच होतं. आणि मी नमाजाआधीचं वुजू करत नव्हतो. आपल्या त्या जुन्या फेरीत मला घाटात गाडी लागली होती. सकाळी चार कटवडे हाणले होते, ते चारी मी स्टँडवर उतरल्या उतरल्या वर आले होते. कॅमेरा तू बाकड्यावर ठेवलास, घाईत बंद करायचा विसरलास, आणि धावत आलास. एका हातानं माझं कपाळ धरलंस, दुसऱ्यानं पाठ चोळलीस. हे सगळं त्या शूटिंगमध्ये आहे. मी अंगावर, शर्टावर घाण केली होती म्हणून कोपरापर्यंत धुतलं. ह्याला पवित्र होणं म्हणतात काय? आणि तुला माहीत होतं. परक्यानं केलं असतं तर गैरसमज म्हटलं असतं. पण तू तिथं होतास, तुझ्या चपलेवरसुद्धा थोडं उडालं होतं.

घरी पोचेपर्यंत बायकोनं दम धरला. मग विचारलं, ईद सोडली तर ज्याला मशिदीची पायरी माहीत नाही, तो माणूस चंदगडाला जाऊन एवढा नेमानं वुजू कधीपासून करायला लागला? तिला हसावं की रडावं कळत नव्हतं. दुसऱ्या दिवसापासून पेठेत लोक माझ्याशी जरा सांभाळून बोलायला लागले. दुधाच्या कट्ट्यावर एकानं मला आधी पेला दिला. मला! रांगेत ढकलाढकली करून दूध पिणारा मी, मला एकदम मान मिळायला लागला. मान परक्याला देतात, लेका. पाव्हण्याला देतात.

रंकाळ्यावर आपलं भांडण झालं ते लोकांनी थांबून ऐकलं. मी विचारलं, “दिन्या, माझ्या पाठीवरचा हात कुठं गेला?”

“कसला हात?”

“तुझा. तू हाईस त्यात. नळाच्या ह्या अंगाला अख्खा उभा हाईस. फ्रेम कापून तू सोताला भाईर काढलंस.”

तू खरं बोललास, त्याबद्दल तुला मानतो. “दस्त्या, मी फ्रेममधी असलो तर गोष्टच ऱ्हात न्हाय.”

“मग गोष्ट नव्हतीच की!”

“तुझ्यापुरतं बघू नगं. असा एकटा पडल्याला माणूस हाय का न्हाय ह्या जिल्ह्यात? सांग.”

“हाय. मग त्येच्याकडं जा.”

“गेलतो. त्यो बोलत न्हाय. दार उघडत न्हाय. भितोय त्यो.”

असा माणूस आहे, मलाही ठाऊक आहे. मला तुझ्यासारखा मित्र होता, माझ्या शटरसमोर कुणी खुर्ची टाकली होती. ज्याच्या शटरसमोर कुणीच बसलं नाही, त्याची गोष्ट सांगायलाच हवी होती. फक्त ती माझ्या तोंडावर पाणी मारून सांगायची नव्हती.

“त्यो शॉट काढ,” मी म्हटलं. तू म्हणालास, बघू. नंतर आपण बोलायला लागलो, पण ते सोडून. कुस्त्या, म्हशींचे भाव, तुझा रक्तदाब, माझ्या पोरीचं लग्न. ह्या होळीला तालमीतनं नेहमीसारख्या शेणी गोळा केल्या, स्मशानात जाळायला द्यायच्या म्हणून. टेम्पोत त्या ढिगावर आपण दोघं बसलो होतो. मी परत विषय काढला. तू वैतागलास. “बघू की रं! कुठं मराय लागलोय लगेच?”

घ्या. आता काय बोलायचं? पावसाळा काही तू बघितला नाहीस. तुला लागलेल्या शेणीत आपण टाकलेल्याही असतील, कुणास ठाऊक.

रविवारी तुझी शोकसभा आहे. चौकात फ्लेक्स लागलाय. त्यावर तुझा हसरा फोटो, मोठा, आणि तुझ्या खांद्याच्या मागं अंधुक दिसतोय तो नळ, आणि वाकलेला मी. येणारी जाणारी माणसं आधी तुला हात जोडतात आणि मग माझ्याकडं बघून मान हलवतात. सभेत तोच माहितीपट दाखवायचाय. नातवंडांना, व्याह्यांना, पोरीच्या सासरच्यांना, सगळ्यांना निमंत्रण गेलंय. त्यानंतर मी ह्या गावात तोच राहणार. मरेपर्यंत त्या नळाखाली वाकलेला.

काल सुमनवहिनी हार्डडिस्क घेऊन आल्या. म्हणाल्या, “भाऊजी, रविवारी लावायचंय. आवाजबिवाज नीट आहे का तेवढं बघून द्या. दुसऱ्या कुणाच्या हातात द्यायला मन होत नाही.” त्यांना बसवलं. माझ्याकडं चंदगडचं मूळ शूटिंग आहे, मी काही पुसत नाही, लग्नं मोडली तरी पुसत नाही. म्हटलं, वहिनी, आधी हे बघा.

बाकड्यावरचा कॅमेरा, म्हणून चौकट जरा तिरकी. मी वाकलेला. आणि तू, पँट गुडघ्यापर्यंत दुमडलेली, एका हातानं माझं कपाळ धरलेलं. तुझा आवाज सगळ्या स्टँडला ऐकू जातोय. “ओक, भाड्या, ओक! चार वडे हाणताना काय झालतं? लाजू नगं, मी हाय की हितं. ओक!”

वहिनींनी तोंडाला पदर लावला. हसत होत्या. हसता हसता कधी रडायला लागल्या ते मला कळलं नाही. बऱ्याच वेळानं म्हणाल्या, “हे होते की हो ते. हे असं का नाही ठेवलं त्यांनी?” काय सांगू? म्हटलं, त्यांना त्यात गोष्ट दिसली नाही. वहिनी डोळे पुसून उठल्या. “तुम्हाला जे बरं वाटेल ते करा,” म्हणाल्या आणि डिस्क ठेवून गेल्या.

संयोजकांना फोन केला. त्यांचं म्हणणं, लेखक गेल्यावर त्याच्या कलाकृतीला हात लावणं बरं नव्हे. मी म्हटलं, मी हात लावत नाही, त्याचाच हात होता तो परत घालतोय. त्यांना कळलं नाही. न कळू दे.

आज सकाळपासून तेच करत बसलोय. अजान काढली. त्या बाईंचं वाक्य काढलं. चौकट उघडली. फलाटावरची गडहिंग्लज गाडी परत आली, तू परत आलास, तुझी शिवी परत आली. रविवारी प्राचार्यांच्या, पुढाऱ्यांच्या देखत ती सभागृहात घुमेल आणि माणसं खुर्च्यांत चुळबुळ करतील. तुझा सिनेमा मी बिघडवला, असं म्हणतील. बिघडवला. तू असतास तर गळा धरला असतास, आणि मी धरू दिला असता.

पण एक मला जमलं नाही. तो शॉट होता तेवढाच लांब आहे, आणि तरी सिनेमात तिथं भोक पडल्यासारखं झालंय. मी चारदा बघितलं. दोन मित्र, एक ओकतोय, दुसरा शिव्या देतोय, आणि पुढं नागरिकत्वाचं बोलणं चालू. तिथं दुसरा कुणीतरी हवा होता. तो दार न उघडणारा. तू एकदा गेलास, त्यानं दार उघडलं नाही, तू परत आलास. पालातल्या त्या बाईनं आधी तुला शिव्या घातल्या, तरी तू किती चकरा मारल्यास! काजूवाला म्हातारा आधी बोलेना म्हणून चंदगडात त्या पावसात मुक्काम ठोकलास. ह्याच्याच दाराशी का नाही बसलास? मी सांगतो का. मी होतो म्हणून. हाताशी होतो, वाकलेला होतो, चालवून घेण्यासारखा होतो.

रविवारी तो माणूस कदाचित येईलसुद्धा. येऊन मागच्या रांगेत बसेल, दिवे लागायच्या आत उठून जाईल. त्याच्याकडं जाऊन विचारायची माझ्यात हिंमत नाही. त्याचं दार पुन्हा पुन्हा वाजवेल असा माणूस ह्या गावात एकटा तू होतास, दिन्या. आणि तू माझ्यावर भागवलंस.